उंबऱ्यावर पाय न देणारा पाहुणा

सकाळी सहा वाजता तो हॉटेलच्या पायरीवर उभा होता — डोक्यावर पिवळी टोपी, गळ्यात कॅमेरा, आणि पाठीवर एवढी मोठी पिशवी की बान्तेय छ्मारच्या देवळात राहायलाच निघालाय असं वाटावं. बुकिंगवर नाव होतं डॅनी किम, मुक्काम कॅलिफोर्निया. मी त्याची गाइड; इंग्रजीत विचारलं, "चेहऱ्यावरून तुम्ही इथलेच, ख्मेर दिसता. आपल्या भाषेत बोलू का?"

"नको... मला येत नाही," तो म्हणाला. "आईबाबा अमेरिकेला गेले तेव्हा मी तीन वर्षांचा होतो."

असे पाहुणे येतात. त्यांची मला नेहमी थोडी दया येते. त्या दिवशीही आली, पण दुपारी मी ती परत घेतली.

गाडी पू सारुन यांची. पू म्हणजे काका. माझे सख्खे नाहीत, पण नऊ वर्षं त्यांच्या शेजारच्या सीटवर बसून मी सियाम रीपच्या आसपासची सगळी आडबाजूची देवळं पालथी घातली आहेत. अंगकोरची गर्दी आम्ही इतरांना सोडून दिली. जिथे माणसांपेक्षा सरडे जास्त, ती देवळं आमची. रस्ता चांगला अडीच तासांचा, मागे बसलेल्याला भाषा कळत नाही... मग पुढच्या सीटवर घरगुती गप्पा रंगायला कितीसा वेळ लागणार?

"काय मालिस, रविवारचं काय ठरलं?" पूंनी विचारलं.

"ठरायचंय काय? मिंग फल्ला येतील, आईने केलेला केळीच्या पानातला भात खातील, मुलाचं कौतुक करतील, आणि मी नाही म्हणेन."

मिंग फल्ला म्हणजे आमच्याकडच्या लग्नं जुळवणाऱ्या मावशी. या खेपेला त्यांनी बात्तांबांगच्या तांदूळ गिरणीवाल्यांचा मुलगा आणला होता.

"मुलगा बघितलास तरी का?"

"फोटो आलाय फोनवर. उघडला नाही."

"का? चावतो?"

"चेहरा बघून काय करू, पू? त्यांना गिरणीत बसायला सून हवीय. मागच्या स्थळाचे ते सिसोफोनवाले काय म्हणाले आठवतंय ना? 'लग्नानंतर परक्या पुरुषांबरोबर रानात हिंडणं शोभत नाही.' रात्र रात्र जागून परवान्याची परीक्षा दिली मी. आणि यांच्या लेखी ते हिंडणं."

बोलता बोलता माझा आवाज चढला. आई म्हणाली होती, हे शेवटचं स्थळ, यापुढे मी तोंड घालणार नाही. मला लग्न नको होतं असं नाही. खरं सांगायचं तर हवं होतं. नऊ वर्षं दुसऱ्या जोडप्यांचे फोटो काढताना माझाही जीव कधी कधी तुटायचा. पण त्यासाठी देवळं सोडायची म्हटलं की मी मागे सरायचे.

"त्यापेक्षा हा मागचा बरा," पू आरशात बघत म्हणाले. "यालाच विचार."

"याचे कान बघितलेत? वारा भरला तर उडून जाईल." मग मला जरा वाईट वाटलं, म्हणून पुढे म्हटलं, "हसतो मात्र छान."

पाहुणा खिडकीबाहेर बघत होता. कान लालबुंद झाले होते. मला वाटलं, ऊन लागलं असेल. बाहेर ढगाळ होतं, हे तेव्हा सुचलं नाही.

बान्तेय छ्मारला पोहोचलो तेव्हा रात्रीच्या पावसाने दगड काळे झाले होते आणि त्यांच्यावरचं शेवाळ अगदी हिरवंगार दिसत होतं. पू नेहमी आमच्याबरोबर आत येतात. गाडीत एकटे बसले की त्यांना झोप लागते आणि मग दुपारी त्यांना उठवणं हे एक वेगळंच काम होऊन बसतं.

पहिल्या दाराचा दगडी उंबरा गुडघाभर उंच आहे. पाहुणे सरसकट त्याच्यावर पाय ठेवून चढतात आणि मी दर वेळी गोड आवाजात समजावते की उंबऱ्यावर पाय द्यायचा नसतो. आजही तोंड उघडणार, तोच डॅनी किमने टोपी काढली, चौकटीला हात लावला आणि पाय उंच उचलून उंबरा ओलांडला. पायाचा स्पर्शसुद्धा होऊ दिला नाही.

आईने शिकवलं असेल, मी मनात म्हटलं.

आतल्या दालनात डोकं भादरलेली, पांढऱ्या वस्त्रातली एक म्हातारी भिक्षुणी बसलेली असते. आम्ही तिला यिये म्हणतो, म्हणजे आजी. पलीकडे जायचं तर तिच्या समोरूनच जावं लागतं. डॅनी किम कमरेत वाकला, उजवा हात खाली सोडला आणि अगदी छोटा होऊन तिच्यासमोरून गेला. आमच्याकडे वडीलधाऱ्यांपुढून असंच जातात. पुस्तक वाचून हे जमत नाही. ते लहानपणी पाठीत धपाटे खाऊन अंगात मुरतं.

यियेने त्याच्या मनगटाला लाल दोरा बांधला आणि पुटपुटली, "बाबा, यंदा तुला बायको मिळो. भांडखोर मिळाली तरी चालवून घे."

तो हसला. मी भाषांतर करायच्या आधीच हसला.

तेवढ्यात सर आली. आम्ही तिघं पश्चिमेच्या भिंतीशी, एका कललेल्या छताखाली दाटीवाटीने उभे राहिलो. समोर दगडात कोरलेला बत्तीस हातांचा अवलोकितेश्वर बोधिसत्त्व भिजत होता. त्याच्या शेजारचे काही चोरांनी कापून नेले, त्या रिकाम्या जागाही भिजत होत्या.

"इथे कुणीच येत नाही," डॅनी इंग्रजीत म्हणाला. "मग तुम्हाला हीच जागा का आवडते?"

असं मला कुणी विचारत नाही. लोक विचारतात, स्वच्छतागृह कुठे आहे.

"इथे दर पावसाळ्यानंतर काहीतरी नवं दिसतं," मी म्हणाले. "मागच्या वर्षी त्या पडलेल्या दगडावरची माती वाहून गेली, तर खाली मासा कोरलेला. एवढासा... नखाएवढा. आठशे वर्षांपूर्वी कुणीतरी बसून तो कोरला, आणि नंतर कुणी बघितलाच नाही. मला वाटलं, माझीच वाट बघत होता."

"दाखवाल?"

पाऊस पुरता थांबलाही नव्हता. तो चिखलात गुडघे टेकून बसला आणि मासा शोधत राहिला. सापडला तेव्हा त्याने फोटो काढला नाही. नुसता बघत बसला. केसांतून पाणी ओघळून कानांवरून गळत होतं, आणि ते कान मला सकाळी वाटले होते तेवढे मोठे वाटेनात.

"हे सोडून कोण जाईल..." तो स्वतःशीच इंग्रजीत म्हणाला.

माझ्या छातीत काहीतरी हललं. आणि मग डोक्यात हललं. सोडून जायचं मी कधी म्हटलं होतं? इंग्रजीत तर नाहीच; तो विषय निघाला होता फक्त गाडीत, पूंशी बोलताना.

मी भिंतीवर कोरलेल्या होड्यांकडे बोट दाखवलं आणि आवाज जराही न बदलता, आमच्या भाषेत पूंना म्हटलं, "पू, पाहुण्याच्या कॉलरवर केवढी मोठी लाल मुंगी चढतेय."

डॅनी किमने फाडकन स्वतःच्या मानेवर हात मारला.

पू त्याच्याकडे बघत राहिले. मीही बघत राहिले. मुंगी कुठेच नव्हती.

"डास," तो इंग्रजीत म्हणाला. कान पुन्हा लाल.

पुढचा अर्धा तास मी दगडांविषयी काय बोलले ते मला आठवत नाही. गिरणी, सून, उडून जाणारे कान, छान हसणं... गाडीतला एकेक शब्द परत येत होता आणि मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं होतं.

जेवायला गावातल्या पाणवठ्यावर, झावळ्यांच्या मांडवात थांबलो. तो हात धुवायला गेला. मी फोन काढला, आईचा आठ दिवसांपूर्वीचा निरोप उघडला. मिंग फल्लांनी पाठवलेला फोटो. तेल लावून चापून बसवलेले केस, इस्त्रीचा पांढरा शर्ट, आणि दोन्ही बाजूंना ते कान. खाली नाव होतं विबोल.

मला आधी राग आला. चांगला सणसणीत आला.

तो परत येऊन बसला. मी त्याच्या पुढ्यात तळलेला मासा सरकवला आणि पूंकडे वळून आमच्या भाषेत म्हटलं, "पू, मी उगाच त्या गिरणीवाल्याला नावं ठेवली. चोरून ऐकणाऱ्या माणसापेक्षा तो कितीतरी सरळ असेल, नाही?"

पू भात चावत म्हणाले, "कोण चोरून ऐकतंय?"

विबोलने चमचा खाली ठेवला.

"मी," तो म्हणाला. ख्मेरमध्ये. बात्तांबांगचा तो जरा लांबवलेला सूर, अगदी तसाच. "माफ करा, पू. तुम्हीही माफ करा, मालिस."

पूंचा घास तोंडातच राहिला.

"मजा आली असेल," मी म्हणाले. "सकाळपासून मी मन मोकळं करतेय, आणि तुम्ही मागे बसून ऐकताय."

"पहिली दहा मिनिटं आली," तो म्हणाला. "मग तुम्ही सिसोफोनवाल्यांचं बोललात... तेव्हापासून नाही आली."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"तुम्ही गाडी थांबवून मला उतरवलं असतं. मला ते देऊळ तुमच्याबरोबर बघायचं होतं."

तो मनगटावरचा लाल दोरा फिरवत राहिला.

"मिंग फल्ला म्हणाल्या, मुलगी फोटोसुद्धा बघत नाही, तिला तिची देवळं सोडवत नाहीत. माझी आई म्हणाली, मग राहू दे. मला वाटलं, एवढं काय आहे त्या देवळांत ते बघून तरी यावं. सिंगापूरला चार वर्षं तांदळाच्या व्यापाऱ्याकडे होतो, इंग्रजी येतं... म्हणून हा आचरटपणा सुचला."

"आणि गिरणी?"

"गिरणीत बसायला माणूस ठेवू. सून त्यासाठी आणायची नाही, असं आईला सांगून आलोय. तीन दिवस ती माझ्याशी बोलत नाहीये." त्याने पहिल्यांदा सरळ माझ्याकडे बघितलं. "तुम्ही नाही म्हणालात तर मिंग फल्लांना रविवारी येऊ नका म्हणून मीच सांगेन. तुम्हाला आईसमोर वाईट ठरावं लागणार नाही. पण... मासा मला आवडला. तुम्हीही."

मांडवाच्या कडेने पावसाचं उरलंसुरलं पाणी ठिबकत होतं. माझा राग मी शोधला, तर तो जागेवर नव्हता.

"तुम्हाला वाटेवर उतरवायला हवं होतं," मी म्हणाले.

"अजून परतीचा रस्ता आहे," पू म्हणाले आणि त्याच्या ताटात स्वतःच्या हाताने भाजी वाढली.

परतताना तो मागेच बसला, पण सीटच्या कडेवर, आमच्या दोघांच्या मधोमध मान घालून. पूंनी त्याला बैलगाड्यांच्या शर्यतींपासून गिरणीतल्या उंदरांपर्यंत सगळं विचारून घेतलं. मी आरशात बघत होते. तोही तिथेच बघत होता, आणि दर वेळी आधी नजर कोण वळवतो याचा एक खेळच होऊन बसला. तीनदा मी हरले.

शहर जवळ आलं तसा आईचा फोन आला. मी उचलला.

"अगं, मिंग फल्ला विचारतायत," आई म्हणाली. "रविवारी यायचं की नाही? काय ते एकदाच सांग."

"रविवारी नको, आई."

मागच्या सीटवर कुणीतरी श्वास रोखला.

"रविवारी मला कोह केरच्या देवळांची टूर आहे," मी म्हणाले. "सोमवारी या म्हणावं. सकाळीच."

आई हळूच म्हणाली, "म्हणजे... फोटो बघितलास?"

"बघितला."

"मग? कसा आहे?"

मी आरशात बघितलं.

"कान मोठे आहेत," मी म्हणाले. "पण उंबऱ्यावर पाय देत नाही."