मफलर परत करायची मुदत

आगीच्या सरावाची घंटा वाजली आणि सगळी इमारत जिन्याने खाली उतरू लागली. ऑनलाइन दुकान चालवणाऱ्या त्या मोठ्या कंपनीत असा सराव अधूनमधून व्हायचा. लिफ्ट बंद, जिन्यावर मंद दिवे, आणि रांगेत पुढे सरकणारी माणसं. कुणाच्या हातात कप, कुणाचं फोनवरचं बोलणं अजून संपलेलं नाही. ती ग्राहकांच्या तक्रारींना लेखी उत्तरं देणाऱ्या विभागातली. घाईत तिची शाल खुर्चीवरच राहिली होती. वळणावर मागून कुणीतरी तिच्या पायावर पाय दिला... चांगला बुटाचा.

"आई गं..."

तिने वळून पाहिलं. उंच, जरा वाकून चालणारा, गळ्यात राखाडी मफलर. तो गोंधळला आणि मग म्हणाला, "आपल्याला झालेल्या त्रासाची मला जाणीव आहे."

पाय ठणकत असूनही तिला हसू फुटलं. हेच वाक्य ती दिवसभर टाइप करायची.

"साधं माफ करा म्हणता येत नाही का हो?"

"येतं. पण मग पाय मीच दिला हे सिद्ध होतं."

"मग कुणी दिला?"

"तपास चालू आहे," तो गंभीर चेहऱ्याने म्हणाला. "जिन्यावर गर्दी होती."

बाहेर गाड्या लावायच्या जागेत सगळे घोळक्याने उभे राहिले. धुकं इतकं की समोरची भिंत दिसत नव्हती. ती हात काखेत दाबून कुडकुडत होती. त्याने काही न बोलता मफलर काढला आणि पुढे केला. लोकर अजून उबदार होती.

"परत करायची मुदत किती?" तिने विचारलं.

"आपल्याकडची नेहमीची. पण वस्तू वापरलेली नको."

"आणि वापरली तर?"

"मग ठेवून घ्यावी लागते."

घरी मावशीने मफलर उचलून नाकाशी नेला. "हा कुणाचा? मान तुझ्यापेक्षा मोठी दिसतेय."

"कुणाचा नाही गं. ऑफिसातला."

"ऑफिस दाढीचा साबण लावतं होय?"

तो कंपनीचा वकील आहे, हे तिला पुढच्या आठवड्यात कळलं. नव्या-जुन्या सगळ्यांना बसवून तो शिकवत होता की ग्राहकाला काय लिहायचं आणि काय नाही. 'चूक झाली' लिहायचं नाही. 'माफ करा' लिहायचं नाही. 'वस्तू धोक्याची आहे' तर अजिबात नाही. अशी कबुली एकदा लिहून दिली की ती उद्या कोर्टात कंपनीच्या विरुद्ध उभी राहते. कारण समजावताना त्याचा आवाज इतका शांत होता, की ऐकणाऱ्याला ते सगळं शहाणपणाचंच वाटावं.

तिने त्याचं नाव 'जाणीव' ठेवलं.

"काय जाणीवसाहेब, आज चहा पाजायचा विचार?" चहाच्या मशीनपाशी ती विचारायची.

"तुमची विनंती योग्य विभागाकडे पाठवली आहे."

"आणि योग्य विभाग कुठे आहे?"

"इथे," तो स्वतःच्या खिशावर हात ठेवायचा. खिसा शर्टाचा असायचा... डावीकडचा. ती घाईने कपात बघायची.

तुम्हीचं तू कधी झालं, ते दोघांनाही सांगता आलं नसतं. मफलर तिच्याकडेच राहिला. तो मागत नव्हता, ती देत नव्हती.

थंडी वाढली तसे खोली गरम करणारे हीटर धडाधड खपू लागले. एकाच कंपनीचा हीटर, पण तो विकणारे व्यापारी बरेच. गोदामात मात्र सगळ्यांचा माल एकाच खणात ओतला जायचा. वस्तू तीच, मग वेगळी कशाला ठेवायची? त्यात जागा वाचायची, वेळ वाचायचा. कुण्या व्यापाऱ्याने त्यात नकली हीटर घुसवले होते. आता अस्सल कुठला आणि नकली कुठला, हे गोदामालाही सांगता येत नव्हतं.

एका दुपारी तिच्या पडद्यावर एका काकांचा निरोप आला. हीटरची पिन काळी पडते, प्लॅस्टिक जळाल्याचा वास येतो. तिने ठरलेलं वाक्य पाठवलं. आपल्याला झालेल्या त्रासाची आम्हाला जाणीव आहे, तक्रार तपासासाठी पाठवली आहे.

"म्हणजे तोवर वापरू ना ताई?" काकांनी लिहिलं. "बायको अंथरुणाला खिळलेली. तिला थंडी सोसत नाही."

ती उठली आणि थेट त्याच्यापाशी गेली. तो चहाच्या मशीनपाशी एकटाच होता.

"त्यांना बंद करा म्हणू?"

त्याने कप खाली ठेवला. "एकाला म्हणालीस की सगळ्यांना म्हणावं लागेल. अस्सल माल विकणारे आपल्यावर दावा ठोकतील. तपासणीचा अहवाल येऊ दे... थांब जरा."

"वास येतोय म्हणतात ते."

"थांब गं. दोन-चार दिवस."

त्याच्या आवाजावर तिचा विश्वास होता. ती जागेवर परतली आणि तेच वाक्य तिने पुन्हा पाठवलं.

"बरं ताई," काकांनी लिहिलं. "तुम्हाला जास्त कळतं."

आग लागली ती अहवाल येण्याच्या आदल्या दिवशी. काका औषध आणायला गेले होते. त्या आगीत त्यांची बायको गेली.

त्यानंतर मशीनपाशी कुणी हसत नव्हतं. कंपनीने एक बाजू ठरवली. कर्मचाऱ्यांना सावधगिरीचा सल्ला द्यायची पूर्ण मोकळीक होती, या मुलीने तो दिला नाही. सरकारी चौकशी लागली. दोष तिच्यावर बसला तर नोकरी जाणार होती, आणि खटलाही तिच्यावर होणार होता. घरी मावशीने सगळं ऐकलं आणि हळूच विचारलं, "बंद करा एवढंच म्हणायचं होतं ना गं?"

चौकशीच्या आधी तो भेटला. रात्रभर झोपला नसावा.

"मी थांब म्हणालो होतो, ते तू सांग."

"सांगेनच. पण मानणार कोण? साक्षीला चहाचं मशीन." ती त्याच्याकडे बघत राहिली. "तू सांगशील?"

"मी त्यांचा वकील आहे. कंपनीच्या आतलं बोलणं मी बाहेर बोललो तर... माझी सनद जाईल."

वकिली करण्याचा परवाना म्हणजे त्याचं सगळं आयुष्य, हे तिला कळत होतं. तिने मान हलवली. "आपल्याला होणाऱ्या त्रासाची मला जाणीव आहे," ती म्हणाली आणि निघून गेली.

चौकशीची खोली लांबट होती. टेबलावर पारदर्शक पिशवीत वितळलेली पिन. काका कोपऱ्यातल्या खुर्चीवर, धुतलेला पण इस्त्री न केलेला शर्ट घालून बसले होते. तिने जे घडलं ते सांगितलं. कंपनीच्या बाजूला तो बसला होता; त्याच्या शेजारचे मोठे साहेब म्हणाले, असं कुणी सांगितल्याची नोंद नाही. चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याने चष्मा काढला.

"तर थांबायला कुणीच सांगितलं नव्हतं?"

मग एक खुर्ची मागे सरकली.

"मी सांगितलं," तो उभा राहून म्हणाला. "ती बंद करा म्हणणार होती. मी तिला थांबवलं. चूक माझी आहे." मोठ्या साहेबांनी त्याची बाही ओढली. त्याने ती सोडवून घेतली. "आणि माल एका खणात मिसळायचा, ही कंपनीची पद्धत आहे. तिचा त्यात काही हात नाही."

मग तो काकांसमोर जाऊन उभा राहिला. ओठ दोनदा हलले. "काका... मला माफ करा."

काकांनी त्याच्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

"बटण पलंगापासून दोन पावलांवर होतं," ते म्हणाले. "कुणी म्हणालं असतं, तर बंद केलं असतं. बायकोला मी माझी शाल पण दिली असती."

अधिकाऱ्याने चष्मा पुन्हा चढवला आणि लिहायला घेतलं.

दोष तिच्यावर बसला नाही. त्याची सनद मात्र राहणार नाही, हे बाहेर पायऱ्यांवर येईपर्यंत दोघांनाही कळलं होतं. गार वारा सुटला होता.

"मला तू आवडतेस," तो म्हणाला. "हे आधी सांगायचं होतं. तेही थांबवून ठेवलं."

"मलाही तू..." तिने मफलरचं टोक मुठीत धरलं. "पण आपण हसलो की मला काकांचं 'बरं ताई' ऐकू येतं. वाक्य तुझं होतं, पाठवलं मी."

"हं."

"आज तरी तुझ्याबरोबर नाही येता येणार मला."

तिने गळ्यातला मफलर सोडला, त्याच्यापुढे धरला. तो घेईना.

"मुदत संपली," तो हळूच म्हणाला. "आणि वापरलेला आहे."

मग तिने मफलर पुन्हा गळ्याभोवती गुंडाळला, टोक नीट आत खोचलं आणि पायऱ्या उतरली.