सीतारामचा खाडा

सकाळी सातची पाळी सुमेधाला आवडायची. परळच्या चाळीतून निघायचं आणि दहा मिनिटांत लालबागच्या जुन्या गिरणीच्या आवारात पोचायचं. गिरणी म्हणण्यासारखं तिथे आता एक फाटक आणि एक दगडी गोदाम एवढंच उरलं होतं, बाकी सगळे टॉवर. त्या गोदामात तिची कंपनी. माणसासारखी बोलणारी, लिहिणारी यंत्रं घडवायला जो डोंगराएवढा मजकूर लागतो, तो डिस्कांवर सांभाळून ठेवायचा, हा कंपनीचा धंदा. "म्हणजे गोदामाचं गोदामच राहिलं," असं बाबा म्हणायचे.

बाबा, म्हणजे सीताराम, याच गिरणीत रिंग खात्यात, सूत कातण्याच्या मशीनवर होते. ब्याऐंशीचा संप झाला आणि काम सुटलं ते सुटलंच. आता वय अठ्ठ्याहत्तर, पण डोकं एकदम शाबूत. खात्यातल्या पन्नास माणसांची नावं गावासकट घडाघडा सांगायचे. आई गेल्यापासून घरात दोघंच. सुमेधाला दुसरं कुणी नव्हतं, आणि बाबा होते तोवर तिला कुणाची गरजही वाटली नव्हती.

एकदा तिने त्यांना कामातली गंमत सांगितली. प्रत्येक रॅकमध्ये एक डिस्क रिकामी ठेवतात. एखादी डिस्क बंद पडली की ही तिच्या जागी उभी राहते, आणि गेलेलीचं सगळं हिच्यात उतरतं.

"अगं, मग ही बदलीच की!" बाबा हसले. "रोज सकाळी फाटकाशी उभं राहायचं. कायम कामगाराचा खाडा पडला तरच आत घेणार. नाहीतर डबा तसाच घेऊन घरी."

फाटकाशी उभा राहणारा एक म्हातारा सुमेधाने सातची पाळी लागल्यापासून, म्हणजे एप्रिलपासून, पाहिला होता. पांढरा सदरा, गळ्यापर्यंत बटणं लावलेला, हातात एक पिवळं पडलेलं कार्ड. रोज सातला तो वॉचमनला, शीव कोळीवाड्याच्या लहूला, विचारायचा, "आज हाय का?"

"नाय बाबा. उद्या बघू."

म्हातारा मान हलवून निघून जायचा. तक्रार नाही, कुरकुर नाही.

"कोण रे ते?" तिने विचारलं होतं.

"म्हाईत नाय मॅडम. माझ्या आधीच्या वॉचमननी सांगून ठेवलंय. नाय म्हनायचं, पन गोड बोलून. होय कधी म्हनायचं नाय."

"का?"

"ते नाय इचारलं मी."

मे महिन्यातल्या एका मंगळवारी लहू पाण्याच्या टँकरवाल्याशी हुज्जत घालत होता, आणि म्हाताऱ्याने सुमेधालाच विचारलं, "आज हाय का?"

तिला बाबांनी सांगितलेला, बदलीने तसाच घरी नेलेला डबा आठवला. तिचा जीव कळवळला. 'नाही' हा शब्द काही केल्या तोंडातून निघेना. आत बसवू, गार पाणी देऊ, एवढंच तिच्या मनात होतं.

"आहे बाबा. या."

तो तिच्याकडे बघत राहिला. "काम हाय?"

"आहे."

त्याने कार्ड तिच्या हातात दिलं. त्यावर शाईने लिहिलं होतं : बुधाजी. रिंग खातं. बदली. मग तो वाकला, उंबऱ्याला हात लावून तो कपाळाला लावला आणि वाट माहीत असल्यासारखा सरळ आत गेला.

लहू धावत आला, तोवर आतला बोळ रिकामा होता. डिस्कांच्या खोलीचं दार सुमेधाच्या बोटाच्या ठशाशिवाय उघडत नसे. ते बंदच होतं.

"मॅडम... तुम्ही होय बोललात?"

तिने दार उघडलं. आत नेहमीचा गारठा, पंख्यांची नेहमीची घरघर. एरवी त्या खोलीला कसलाच वास नसायचा. आज मात्र मशीनच्या तेलाचा आणि गरम सुताचा वास येत होता. चौथ्या रॅकच्या पडद्यावर सगळ्या डिस्का धडधाकट दिसत होत्या. एकही गेली नव्हती. तरी राखीव डिस्क भरत होती. पूर्ण होण्याची वेळ : साडेतीन. गिरणीची पहिली पाळी याच वेळेला सुटायची, हे तिला बाबांमुळे ठाऊक होतं.

तिने घरी फोन लावला.

"बाबा, बुधाजी म्हणून कुणी आठवतात?"

"बुधाजी? अगं, माझा बदली तो! माझा खाडा पडला की त्याच्या घरी चूल पेटायची. म्हणून महिन्यातून दोन दिवस मी मुद्दाम घरी बसायचो, पोट दुखतंय सांगून. संपात गावी गेला, आणि पंच्याऐंशी साली तिकडेच वारला बिचारा. आमची नावं निदान गिरणी कामगारांच्या यादीत तरी राहिली. बदलीचं नाव कुठेच नाही... का गं?"

"आज... त्यांना मी आत घेतलं."

"मग आज माझा खाडा," बाबा म्हणाले. आणि जरा थांबून, "...कोण बोलतंय?"

सुमेधाने भरणाऱ्या डिस्कची मूठ पकडली. ओढून काढावी, बस्स. पण हीच तर तिची विद्या होती. भरणं मध्येच तोडलं की उतरलेलं हाती लागत नाही आणि राहिलेलंही नासतं, हे ती नव्या पोरांना शिकवायची. ज्याचा खाडा पडलाय त्याचं काय नासेल, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. मूठ तशीच सोडून ती घराकडे पळाली.

बाबा खिडकीशी बसले होते. चहा पिऊन झालेला, चेहरा शांत. तिचा जीव भांड्यात पडला.

"बाबा!"

"या, बसा बाई," ते अदबीने म्हणाले. "कुणाकडे आलात?"

तिने आईचा फोटो दाखवला. लहानपणी पाटीवर तिने पहिल्यांदा गिरवलेलं त्यांचं नाव, तिच्या बारावीच्या निकालाचा दिवस, सगळं सांगितलं. ते मान डोलवत ऐकून घेत होते, परक्याच्या घरचं ऐकावं तसं. दुपार होईपर्यंत पन्नासांतली पाच नावंही उरली नाहीत. ती त्यांचा हात हातात घेऊन बसून राहिली. 'माझ्याच जिभेने घात केला' एवढं एकच तिच्या डोक्यात घुमत होतं.

साडेतीन वाजून गेले. मग चाळीच्या जिन्यावर चपला वाजल्या. दमलेल्या, पण पोटभर काम मिळालेल्या माणसाच्या चालीने कुणीतरी वर येत होतं. चपला दाराशी थांबल्या.

बाबांनी मान वळवली. दिवसभरात पहिल्यांदाच त्यांचा चेहरा ओळखीने उजळला.

"दार उघडा बाई," ते म्हणाले. "सीताराम आला कामावरून."