सहा रिकाम्या पाट्या

अजूनही फोडणीत कढीपत्ता तडतडला की मला बॉथेलचा पाऊस आठवतो. तिथला पाऊस काही कोसळत नाही, दिवसभर नुसता भुरभुरत राहतो. सहा वर्षांपूर्वीच्या जानेवारीतल्या एका शनिवारी तो तसाच भुरभुरत होता आणि मी भीमजयंतीसाठी हॉल बुक करायला एका चर्चच्या मागच्या इमारतीत शिरले होते. ऑफिस शोधताना चुकीचं दार उघडलं. आत कोणीतरी पियानो वाजवत होतं, आठ-दहा वयस्कर गोरी माणसं जर्मनमध्ये एकमेकांवर ओरडत होती, आणि शिडीवर चढलेला एक मुलगा भिंतीला पांढरी चादर ठोकत होता. शिडी हलली तसा तो म्हणाला, "मेलो..."

इतक्या अस्सल पुणेरी सुरातलं 'मेलो' परमुलखात कानावर पडलं की पाय आपोआप पुढे होतात. मी शिडी धरली.

"थँक यू," वरून आवाज आला. मग खाली वाकून, "मराठी?"

"चौकशी नंतर. आधी ठोकून घ्या, माझे हात दुखतायत."

तो परीक्षित. दिवसभर सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधायचा. शाळेत संस्कृत टाळायला म्हणून जर्मन घेतलं, ते पुढे आवडायलाच लागलं. ही मंडळी एक जुना जर्मन विनोदी ऑपेरा बसवत होती. तो लिहिणाऱ्याला म्हणे आता जर्मन लोकही विसरलेत. गाण्यांच्या ओळींचं परीक्षित सोप्या इंग्रजीत भाषांतर करायचा आणि त्या ओळी त्या चादरीवर उमटायच्या. प्रत्येक ओळीला तो पाटी म्हणायचा. योग्य क्षणी लॅपटॉपचं बटण दाबून पाटी बदलायला एक बाई होत्या, पण त्यांच्या खांद्याचं ऑपरेशन झालं होतं.

नाटक बसवणाऱ्या हेल्गा म्हणजे चौऱ्याहत्तर वर्षांच्या, रिटायर्ड शाळामास्तरीण. त्यांनी मला विचारलं, नोटेशन वाचता येतं का? मी म्हटलं, नाही. पण नागपूरला माझ्या बाबांची भीमगीतांची पार्टी आहे आणि दहाव्या वर्षापासून मी त्यांच्यामागे पेटी वाजवलीय. लोक कधी टाळी देणार ते मला आधी कळतं. हे त्याहून चांगलं, असं म्हणून त्यांनी मला खुर्चीत बसवलं. दुसऱ्या आठवड्यापासून मी त्यांना हेल्गामावशी म्हणायला लागले.

ऑपेराची गोष्ट साधी होती. गावाचा महापौर ग्रोसमाउल, म्हणजे मोठं तोंड. घड्याळं दुरुस्त करणारा श्टिलमान, म्हणजे गप्प माणूस. आणि ग्रेटे, जी गाव सोडून शहरात निघालीय आणि जिला श्टिलमान काही केल्या 'थांब' म्हणत नाही. आमचं पहिलं भांडण या नावांवरूनच झालं. परीक्षितला पाटीवर नावांचंसुद्धा भाषांतर हवं होतं.

"अर्थ कळला नाही तर लोक हसणार कसे?" तो म्हणाला.

"ग्रोसमाउलला बोलू दे ना दोन मिनिटं. कळतंच लोकांना. नावाचं भाषांतर करायचं नसतं, यार. त्यानं हाक मारायची असते."

मी जरा जास्तच जोरात बोलले असेन. त्याचं कारण हिमानी, माझी मैत्रीण. लग्नात सासरच्यांनी ताटातल्या तांदळात अंगठीनं तिचं नवं नाव लिहिलं, ऋता. पासपोर्टवर हिमानी, घरात ऋता. दोन वर्षं तिला हाक मारली तरी ती मागे वळायची नाही. हे मी त्याला सांगितलं. पुढच्या शनिवारी पाटीवर ग्रोसमाउल जसाच्या तसा होता.

पाट्यांचे नियम त्यानंच मला शिकवले. विनोदाची पाटी गायकाच्या आधी पडता कामा नये, नाहीतर तो तोंड उघडायच्या आत लोक हसून मोकळे होतात. आणि एकच ओळ सात वेळा गायली तरी पाटी पहिल्यांदाच. नंतरच्या सहा रिकाम्या. "एकदा सांगितलं की झालं," तो म्हणायचा. "लोकांना कळलेलं असतं." मी इमानेइतबारे रिकाम्या पाट्यांचंही बटण दाबायचे.

तो मला खुणेसाठी टेबलावर बोट आपटायचा, आणि हमखास चुकीच्या वेळी. शब्दाचा अर्थ त्याला पाठ, पण वेळेच्या नावानं शंख. एकदा ते बोट आपटता आपटता माझ्या बोटावर येऊन थांबलं. मी हात काढला नाही... त्यानंही नाही. त्या दिवशी पाच पाट्या चुकल्या आणि हेल्गामावशी पहिल्यांदाच रागावल्या नाहीत.

तो मला घरी सोडायचा. गाडीत थर्मासातला चहा आणि काचेवर तो भुरभुर पाऊस. एकदा त्यानं माझ्या नावाचा अर्थ विचारला. मी सांगितलं, संघमित्रा म्हणजे संघाची मैत्रीण, अशोकाची मुलगी. बोधिवृक्षाची फांदी घेऊन समुद्रापार गेलेली. आजोबांनी ठेवलेलं नाव.

"म्हणजे रोपं सांभाळण्यात एक्सपर्ट."

"मनी प्लांटसुद्धा मारलाय मी."

"माझ्याकडे कढीपत्ता आहे," तो इतक्या गंभीरपणे म्हणाला की मला हसू आवरेना. मी त्याच्या प्रेमात पडले ती बहुतेक तेव्हाच.

मार्चच्या सुरुवातीला त्यानं सांगितलं, कंपनी त्याला कॅरीला पाठवतेय. नॉर्थ कॅरोलायना, देशाचं दुसरं टोक. प्रयोग तीन आठवड्यांनी रविवारी, आणि निघायचं लगेच सोमवारी. मी म्हटलं, अरे वा. ते तीन आठवडे मी एकाच गोष्टीची वाट बघत होते, आणि तो मला श्टिलमानच्या ओळींमधले स्वल्पविराम दाखवत होता.

प्रयोग दुपारी दोनचा होता, हॉल भरलेला. तिसऱ्या अंकात श्टिलमान अखेर तोंड उघडतो. 'माझ्यापाशी राहा.' पाटी पडली. पुढच्या सहा रिकाम्या. एक... दोन... आता हिला काम नाही, असं परीक्षितला वाटलं असावं. तो माझ्या कानाशी वाकला.

"मित्रा, माझ्याबरोबर कॅरीला येशील? म्हणजे... लग्न करून?"

माझं बोट बटणावर पडलं ते तिथेच राहिलं. रिकाम्या पाट्या भराभर पळाल्या आणि चादरीवर महापौराचं वाक्य उमटलं: 'मीही हेच म्हणणार होतो, फक्त भाषण करून!' श्टिलमान बिचारा डोळे मिटून ग्रेटेला विनवत होता आणि अख्खा हॉल खो खो हसत होता. मी घाबरून पाट्या मागे नेते, पुढे नेते, जागा सापडत नाही. सापडली तेव्हा ग्रेटे हो म्हणून गेली होती.

मी मात्र काहीच म्हणाले नव्हते.

प्रयोगानंतर श्टिलमान झालेल्या आजोबांनी मला मिठी मारली. आयुष्यात इतका मोठा हशा मिळाला नव्हता म्हणे. परीक्षित कोपऱ्यात वायर गुंडाळत होता. "सॉरी," तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "टायमिंग माझं नेहमीच..." त्याच्या प्रश्नावरही तो हॉल हसला होता, हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं. तेव्हा मला एवढंच वाटत होतं, की तो पुन्हा विचारेल. आणि विचारलं की मी काय सांगणार, याचीही थोडी भीती होती. डोळ्यांसमोर ते तांदळाचं ताट येत होतं.

त्यानं विचारलं नाही. सोमवारी सकाळी माझ्या दाराशी कढीपत्त्याची कुंडी होती, सोबत चिठ्ठी. 'आठवड्यातून दोनदा पाणी. उन्हात ठेव, मिळालं तर.'

मग मेसेज यायला लागले. कढीपत्ता कसा आहे? मी कळवायचे, तीन नवी पानं आली. आठवड्यानं पुन्हा, कढीपत्ता कसा आहे? मी चिडायचे. याला त्या झाडापलीकडे विचारायला काही नाही?

एप्रिलच्या शेवटी त्याच हॉलमध्ये आमची जयंती झाली. मी गाणी म्हटली. हेल्गामावशी पहिल्या रांगेत बसून चुकीच्या जागी टाळ्या देत होत्या. जेवताना त्यांनी विचारलं, तो मुलगा कुठाय? मला रडूच आलं, सगळं सांगून टाकलं. त्याचा प्रश्न, माझं बटण, आणि त्यानं पुन्हा न विचारणं.

खीर खाता खाता त्या म्हणाल्या, "श्टिलमान तीच ओळ सात वेळा का गातो?"

"चाल छान आहे म्हणून."

"नाही ग. ग्रेटे उत्तर देत नाही म्हणून. पाटी रिकामी असली म्हणजे गाणं थांबलेलं नसतं."

मी फोन काढला. त्याचे मेसेज मोजले. कढीपत्ता कसा आहे? सहा वेळा.

तिथेच उभी राहून मी त्याला लिहिलं, 'कढीपत्ता शनिवारी येतोय. फ्लाइट साडेतीनला उतरते.' विमानात कुंडी मांडीवर धरून पाच तास बसले. शेजारच्या बाईंनी विचारलं, कसलं रोप? मी म्हटलं, आमच्याकडे रोप घेऊन लांब जायची पद्धत आहे.

तो विमानतळावर उभा होता, इस्त्रीचा शर्ट घालून. मला बघून त्यानं घसा साफ केला. पाठ करून आला असणार.

"मित्रा, म्हणजे संघमित्रा. आईशी बोललोय मी. तिला सांगितलं, तांदळात काही लिहायचं नाही. नावाचं भाषांतर करायचं नसतं. तर मला असं विचारायचं होतं, की..."

"हो," मी म्हणाले.

"अगं, अजून विचारलं कुठेय?"

"माहितीये. पाटी आधी पडली."

तो हसला, डोळे भरून आले तरी हसतच राहिला. मी कुंडी त्याच्या हातात दिली. मग त्यानं तो प्रश्न विचारला, पहिल्या शब्दापासून शेवटपर्यंत, आणि घरी पोचेपर्यंत गाडीत आणखी दोनदा. मी प्रत्येक वेळी ऐकला.