ऊनाबाईंची भिंत

इमारतींतली ओल शोधणं हा माझा धंदाच आहे. त्यामुळे शेजारच्या ऊनाबाईंच्या भिंतीला बुरशी आली, तेव्हा घरमालकाआधी मलाच बोलावणं आलं. जर्मनीतलं डार्मश्टाट, २००७चा नोव्हेंबर. ऊनाबाई आयरिश लेखिका, वर्षभराच्या शिष्यवृत्तीवर आलेल्या. त्यांचं गाव धरणाखाली गेलेलं आणि त्यांची सगळी पुस्तकं त्याच गावात घडणारी.

"तुम्ही खिडक्याच उघडत नाही," मी सुनावलं. "इथे करारातच असतं, रोज ल्युफ्टन करायचं, घरात हवा खेळवायची."

तेव्हा माझी आई, गयाबाई, आमच्याकडे आली होती. तिचंही गाव धरणात गेलं. माझी थोरली बहीण तान्ही असतानाच वारली, तिला परसात पुरलं होतं. पाणी चढलं तेव्हा तिला तिथेच सोडून आईला निघावं लागलं. "एकदा जाऊन यायचंय तिच्याकडं," आई अधूनमधून म्हणायची. आम्ही विषय बदलायचो.

आई रोज दुपारी ऊनाबाईंकडे बसू लागली. एकीला मराठी येत नाही, दुसरीला इंग्रजी. त्यांचं काय जमायचं कोण जाणे!

"सध्या मी माझं गाव लिहीत नाही," ऊनाबाई एकदा जिन्यात म्हणाल्या. "तुझ्या आईचं लिहितेय. परसापर्यंत आलेय."

"परसाचं कुणी सांगितलं तुम्हाला?"

"तिनंच दाखवलं ना."

पुढच्या खेपेला ओल छतापर्यंत चढली होती. पाइप तपासले, कुठेही गळती नव्हती. भिंतीला नाक लावलं तर गाळाचा वास आला, आपल्याकडच्या काळ्या मातीचा. जुना गिलावा असेल, असं स्वतःला बजावून मी खिडकी सताड उघडली.

"लाव ती!" आई ओरडली. "भिंत वाळली तर मी जाऊ कशी रं?"

ऊनाबाईंनी लिहिताना मानही वर केली नाही. आई रडायला लागली. मला तिची लाज वाटली, तरी मी खिडकी लावली.

शनिवारी आईला आणायला गेलो.

"झालं लिहून," ऊनाबाई दारातच म्हणाल्या. फार थकल्या होत्या.

भिंत खडखडीत कोरडी होती. मी हात फिरवून पाहिला, मग मीटर लावला. ओलीचा मागमूस नव्हता.

आई कंबर एका बाजूला काढून उभी होती. डावा हात अंगाशी वळवलेला. लुगडं कडेवर तेवढ्याच जागी भिजलं होतं.

"चल, आई."

ती जपून पावलं टाकत आमच्या दारापर्यंत आली आणि थांबली.

"तूच उघड, बाबा," ती हळू आवाजात म्हणाली. "माझा हात मोकळा न्हाई."