ऋतुवेधाची अचूक तारीख

हेमांगी ठोसर यांच्या प्रयोगशाळेत त्या दुपारी पेढे आले होते. त्यांच्या ऋतुवेध यंत्राची भाकितं महिना इकडेतिकडे धरून पाचव्या वर्षीही खरी ठरली होती. वर एक शोधही हाताशी आला होता: या भागातल्या मुली दरवर्षी आणखी लवकर वयात येत आहेत. सहायकांनी शोधनिबंध लिहायलाही घेतला होता.

रझिया मुजावर आल्या आणि पेढ्यांकडे न बघता समोर बसल्या. मुलींच्या शाळेत वयात येण्याविषयीचा तास त्याच घेत. शरीर कसं बदलतं, नको असेल तर नाही कसं म्हणायचं, आपल्याशी कोण नीट वागतंय हे कसं ओळखायचं, असं सगळं.

"कस्तुरी गेली शाळेतून," त्या म्हणाल्या. "सहावीतली."

"तारीख आली होती का तिची?"

"पुढच्या महिन्यात होती. तारखेआधीच काढतात मुलींना."

यंत्रामागचा विचार चांगला होता, हे कबूल करायलाच हवं. मुलीनं दर सोमवारी शाळेत लाळेची पट्टी द्यायची. लाळेतल्या संप्रेरकांवरून यंत्र पहिल्या पाळीची तारीख काढणार, आणि त्याआधी बाई तिला सगळं समजावणार. पोर घाबरायला नको, एवढाच हेतू. पण तासाला पालकांची परवानगी लागते, म्हणून तारीख पालकांना कळवली जाई. झालं. परवानगी राहिली बाजूला, पालक मुलीलाच घरी बसवू लागले. मुलगी वयात येणार म्हटल्यावर शाळा कसली, म्हणे.

"वाईट वाटतं हो," हेमांगी म्हणाल्या. "पण यंत्र तर बरोबरच सांगतंय."

"बरोबर सांगितलं, हे त्याला कळतं कसं?"

"पाळी आली की मुलगी पट्टी देणं थांबवते. तोंडानं सांगायची लाज वाटते ना, म्हणून आम्हीच तशी सोय ठेवली. पट्टी थांबली, म्हणजे..."



"शाळा सुटली तरी पट्टी थांबतेच," मुजावर बाई म्हणाल्या. "कस्तुरीला अजून काही आलेलं नाही. तिच्या आईला विचारूनच आलेय मी."

यंत्र आपल्या चुकांवरून शिकणारं होतं. पालक मुलीला तारखेआधी काढत. यंत्राला वाटे, पाळी लवकर आली. मग ते पुढच्या मुलींच्या तारखा अलीकडे ओढी, आणि पालक त्याच्याही आधी मुली काढत. पाच वर्षं हेच चाललं होतं. मुलींची शरीरं आपल्या गतीनंच वाढत होती. लवकर आली ती मोठ्यांची लाज, आणि तिलाच ही शिकलेली माणसं विज्ञान समजून बसली होती.

हेमांगींना रडू आवरेना. त्यांनी यंत्र तिथल्या तिथे बंद केलं आणि कस्तुरीच्या वडिलांना फोन लावला.

"आमची चूक झाली. तिला अजून बराच अवकाश आहे. उद्यापासून शाळेत पाठवा तिला."

"चूक झाली असेल, मॅडम," ते अदबीनं म्हणाले. "पण आज ना उद्या वयात येणारच की. आता घरात रुळलीय, राहू दे."

"अहो, पण तिला यातलं कुणी काहीच सांगितलेलं नाही."

"तेच बरं. आणि मॅडम, फोन केलात ते छान झालं. धाकटी तिसरीत आहे. तिची तारीख तेवढी जरा आधी कळवा."