एका फोटॉनची ऊर्जा काढा

“ओ मॅडम! डोळ्यांचा कंटाळा आलाय का?”

करिष्मा दचकून मागं सरली. हेडलाइटच्या काचेवरचं वार्निश पक्कं करणाऱ्या मशीनच्या फटीतून ती आतला जांभळा दिवा बघत होती. मागं मेंटेनन्सचा गणराज काळा चष्मा पुढं धरून उभा... राजगुरुनगरचा गडी, दंडावर ग्रीस, ओठांत दाबलेलं हसू.

“एवढासा तर दिवा आहे,” ती पुटपुटली.

“एवढासाच. पण तीनशे पंच्याण्णव नॅनोमीटरचा हाय. दिसतो मवाळ, चावतो जोरात.”

नॅनोमीटर म्हटल्यावर तिचं तोंडच उतरलं. चाकणच्या या कंपनीत ती कमवा-शिका योजनेत होती, आणि डिप्लोमाच्या फिजिक्सनं तिला दोनदा लोळवलं होतं. ‘फोटॉनची ऊर्जा काढा’ असं दिसलं की ती सरळ पान उलटायची.

“मग मला हे... शिकवाल?” तोंडातून निघून गेलं खरं!

तिची पहिली शिफ्ट, त्याची दुसरी. मधे कँटीनमध्ये वीस मिनिटं मिळायची. तो पुठ्ठ्यावर लिहायचा : प्लांकचा स्थिरांक गुणिले प्रकाशाचा वेग, भागिले तरंगलांबी. झालं! पण ती नॅनोमीटरचे मीटर करायला विसरायची आणि उत्तर अब्जपटीनं चुकायचं.

“अब्जपटीनं!” तो कपाळाला हात लावायचा. “येवढं चुकल्याव आमच्या गावात घरात घेत न्हाईत.”

“नका घेऊ. मी बाहेर ओट्यावर बसेन.”

खरं सांगायचं तर तिसऱ्या आठवड्यापासून ती मुद्दाम विसरत होती. गणित बरोबर आलं की हा पेन खिशाला लावून उठणार, ही धास्ती. त्या वीस मिनिटांसाठी ती उरलेला दिवस कसाबसा ढकलायची. पुनावळ्याला घरी आमटी अळणी होऊ लागली आणि विमलबाई लेकीकडं टक लावून बघू लागल्या. लाइनवर तर गंमतच. सुपरवायझरपासून बसड्रायव्हरपर्यंत सगळ्यांना दादा म्हणणारी ही पोरगी त्याला मात्र “अहो, ऐका ना” म्हणायची. बाकीच्या पोरी खुसूखुसू हसायच्या. त्यालाच तेवढं कळत नव्हतं, की कळूनही... देव जाणे.

पेपर झाला, निकाल लागला. ती पेढा घेऊन धावतच कँटीनमध्ये आली.

“पास झाले!”

तो हसला, पण हसू डोळ्यांपर्यंत पोचलं नाही. “माझी बदली झाली. होसूरच्या प्लांटला, पार दक्षिणेत, वर्षभर. सोमवारी निघायचंय.”

पेढा तिच्या हातातच राहिला. आता गणितही उरलं नव्हतं आणि माणूसही.

“एक शंका विचारू?” ती कशीबशी म्हणाली. “त्या मशीनमध्ये जांभळ्याऐवजी लाल दिवे लावले... हजार लावले, तर वार्निश पक्कं होईल?”

“लाख लावा. नुसतं कोमट व्हईल. लाल फोटॉन एकेकटा कमी ताकदीचा. किती बी आले तरी त्यांची बेरीज धरत न्हाईत. पुरेशी ऊर्जा असलेलाच लागतो.”

करिष्मानं हातातल्या पेढ्याकडं पाहिलं. तीन महिन्यांच्या चोरट्या नजरा, मुद्दाम चुकवलेली गणितं, गार होईपर्यंत लांबवलेला चहा — सगळे लाल दिवेच की!

“मग ऐका,” ती म्हणाली. “मला तुम्ही आवडता. शिकवता म्हणून नाही... तुम्हीच आवडता. तुम्ही गेलात की मला हे कँटीन खायला उठेल.”

शेजारच्या टेबलावर कुणीतरी खोकलं. गणराजचे कान लाल झाले.

“मला वाटायचं, मी बोललो अन् तुमी यायच्याच बंद झाल्या तर? पेपर बुडायचा. म्हणून निकालापर्यंत थांबलो, तर हे होसूर आडवं आलं.”

“जा ना. वर्षच तर आहे.”

“अन् तवर?”

“तोवर वाट बघेन. दुसरं काय करणार?”

भोंगा झाला. त्याची शिफ्ट लागली, तिची बस सुटायला आली. त्यानं तिच्या हातातला पेढा मोडला, अर्धा तोंडात टाकला, अर्धा तिच्या तळहातावर ठेवला. बोटं जरा जास्तच रेंगाळली.

“रविवारी आईला घिऊन पुनावळ्याला येतो. मागणी घालूनच होसूरची गाडी धरीन. चालंल न्हवं?”

तिनं मान डोलावली.

बसमध्ये ती खिडकीशी बसली. रविवार तीन दिवसांवर होता, आणि त्यापुढं सबंध वर्ष. कंपनीचं गेट मागं पडलं. तळवड्याला बस थांबली, तेव्हा उतरून उलट्या पावली कँटीनकडं पळत सुटावं, असं तिला वाटलं.