रंगुबाईचा थांबा

परतीच्या पावसाला वेळकाळ नसतो. सकाळचं दूध घालून लोक पांगले, दिपाली संकलन केंद्रावरचे कॅन धुवायला बसली आणि धो धो सुरू झाला. तेवढ्यात एक मोटारसायकल थेट पत्र्याखाली घुसली. वर नखशिखान्त भिजलेला तरुण… आणि जर्किनच्या आत जपून धरलेला कॅमेरा.

"दूध घालायची वेळ संपली," दिपाली म्हणाली.

"माझ्याकडे म्हैसच नाही हो," तो ओशाळून हसला.

त्याचं नाव राजस. नगरच्या कॉलेजात इतिहास शिकवायचा आणि सुट्टीच्या दिवशी बंद पडलेल्या रेल्वेमार्गांचे व्हिडिओ करायचा. या गावावरून पूर्वी साखर कारखान्याची छोटी गाडी जायची. हंगामात ऊस, हंगाम सरला की भट्टीसाठी बाभळीचं लाकूड. लाकूडतोड्यांच्या वाड्या त्या गाडीच्याच आधाराने वसल्या. पुढे ट्रक आले, रूळ उपटून नेले, आणि मागे नुसता मातीचा भराव राहिला. आता त्यावरून शेळ्या ये-जा करतात.

"गाडी इथं थांबायची का?" त्याने विचारलं.

दिपालीला ठाऊक होतं ते तिने सांगितलं. ते फारच थोडं निघालं. पाऊसही दगाबाज, तेवढ्यात उघडला. राजसने खिशातून किल्ली काढली. आता हा जाणार… आणि दिपालीने उचलली जीभ लावली टाळ्याला. समोरून म्हातारी रंगुबाई किटली घेऊन चालली होती, तिचंच नाव तोंडात आलं.

"थांबायची की! त्या रंगुआजीसाठी. डायवर रोज गाडी उभी करायचा, हिला उसाचं कांडं द्यायचा. लई जीव हुता म्हनं त्याचा…"

राजस परत बसला. तो असा काही जीव लावून ऐकू लागला की दिपालीला राहवेना. तिच्या गोष्टीत गाडीची शिट्टी आली, हिरवं लुगडं आलं, ताटातूटही आली.

"आजींशी बोलू का मी?"

"नको! लाजतील त्या."

"मग पुन्हा तुम्हालाच विचारायला यावं लागेल."

"या की… पन कोरडे या."

तो आला. कधी ओढ्यावरची जुनी मोरी बघायला, कधी भरावाचे फोटो काढायला. पण आधी चहा केंद्रावरच. तो आला की दिपालीच्या हातून दुधाचं माप हमखास सांडायचं. मग एके दिवशी त्याचा व्हिडिओ आला, 'रंगुबाईचा थांबा', आणि तालुकाभर फिरला. आपलंच बोलणं त्याच्या आवाजात ऐकून दिपाली हरखून गेली.

तो आनंद फार टिकला नाही. पोरं रंगुबाईच्या दारावरून जाताना तोंडाने शिट्टी वाजवायला लागली. रंगुबाई केंद्रावर यायची थांबली. दिपाली न राहवून तिच्या घरी गेली, तर म्हातारी भिंतीकडे तोंड करून बसलेली.

"डोक्यावर लाकडं वाहून गाडी भरली गं मी," ती म्हणाली. "मालक गेल्यावर पोरं वाढवली, कुनी बोट दावलं न्हाई. आन् आता माझ्या लेकाला पारावर बसायची चोरी झालीय. कुन्या मेल्यानं काढलं हे?"

दिपालीला मान वर करता येईना. पुढे आलेला चहा तसाच ठेवून ती घरी आली. स्वतःची इतकी किळस तिला कधी आली नव्हती.

राजस आला तेव्हा तिने सगळं सांगून टाकलं. "मी बनवलं ते. डायवर कोन हुता, मला ठावंबी न्हाई."

त्याचा चेहरा उतरला. त्याने मोबाईल काढून व्हिडिओ पुसला. "मुलांना शिकवतो मी, खात्री केल्याशिवाय लिहू नका… आणि स्वतः हे केलं. चला, आजींकडे जाऊ."

रंगुबाईने ऐकून घेतलं. ओरडली नाही, तेच जास्त लागलं. "माझ्या दारात काय सांगतीस? बोंब पारावर झाली. तिथं सांग."

संध्याकाळी मारुतीच्या पारावर माणसं जमली होती. दिपालीचे वडील अजिनाथही त्यांत होते. रंगुबाई पुढे, मागे हे दोघं.

"आजीचं काहीच नव्हतं," ती कशीबशी म्हणाली. "ती गाडीत लाकूड भरायची, कष्टाचं खायची. म्या खोटं सांगितलं."

"कशापायी, पोरी?" विचारलं ते वडिलांनीच.

सगळा पार तिच्याकडे बघत होता. आणखी एक थाप मारता आली असती…

"पाऊस उघडला हुता, दादा. हे निघाले हुते… अजून घडीभर बसावं म्हनून."

कुणी हसलं नाही. अजिनाथांनी मान खाली घातली. राजस पुढे झाला. "चूक माझीही आहे. आजींना विचारायला हवं होतं. विचारलं असतं, तर… परत यायचं निमित्त संपलं असतं."

"निमित्त तुमचं आन् नाव माझं, व्हय रं?" रंगुबाई कडाडली. मग ती अजिनाथांकडे वळली. "पोरगी खोटारडी हाय तुझी, पन चारचौघांत कबूल झाली. तिला मारू नको. आन् तू रं, पुढच्या बारीला एकटा येऊ नको. आईबापाला घेऊन ये."

दिपालीचे कान तापले होते. वडिलांकडे बघायची तिची हिंमत नव्हती, राजसकडे तर नाहीच. पण तो "आणतो," म्हणाला, ते तिने ऐकलं.